उदयनगरच्या सिस्टर राणी मारिया यांचे अपुरे काम : जनजातीय कार्य मंत्र्यांना खुले पत्र

मा. जनजातीय कार्य मंत्री महोदय,
मध्य प्रदेश शासन, भोपाळ

सविनय नमस्कार.

मी इंदुरातला सेवानिवृत्त बँक कर्मचारी आहे. देवास जिल्ह्यातील उदयनगरला काम केलेल्या सिस्टर राणी मारिया यांच्याविषयी आपणांस लिहीत आहे.

केरळातील पुल्लुवळी येथे 29 जानेवारी 1954 रोजी जन्मलेल्या या फ्रान्सिस्कन क्लॅरिस्ट या कॅथलिक संघातील धर्मभगिनीने उत्तर भारतातील सेवेचा आरंभ बिजनौरला केला. पुढे सतना धर्मप्रांतात (चर्चच्या प्रशासकीय विभागात) काम करून 1992 साली त्या उदयनगरला आल्या. मुलांना शाळेकडे वळवणे, प्रौढांना अक्षरओळख करून देणे आणि स्त्रियांना बचतीसाठी एकत्र आणणे ही कामे त्यांनी केलीच. परंतु सरकारी योजनेचा अर्ज कसा भरावा आणि बँकेकडे हक्काने कर्ज कसे मागावे हेही त्यांनी आदिवासी कुटुंबांना समजावले. त्यामुळे सावकाराच्या दारी जाण्याची गरज कमी होऊ लागली, आणि हेच काहींना खुपले. 25 फेब्रुवारी 1995 रोजी इंदूरकडे येणाऱ्या बसमध्ये, प्रवाशांच्या देखत, त्यांची हत्या झाली. त्या अवघ्या 41 वर्षांच्या होत्या.

त्यांच्या धाकट्या भगिनी सिस्टर सेल्मी पॉल यांनी पुढे तुरुंगात जाऊन मारेकऱ्याला राखी बांधली. 4 नोव्हेंबर 2017 रोजी इंदुरातच चर्चने राणी मारियांना ‘धन्य’ (संतपदाच्या आधीची पायरी) घोषित केले. क्षमा कुटुंबाने केली, गौरव चर्चने केला. शासनाच्या वाट्याचे काम मात्र मला अपुरे वाटते.

नोकरीत असताना कर्जाच्या कागदावर, त्यात काय लिहिले आहे हे न कळता, अंगठा उठवणारी माणसे मी वर्षानुवर्षे पाहिली. कागद वाचून दाखवायला आम्हांला सवड नसे, आणि विचारायचे त्यांना धैर्य नसे. याची खंत आजही मनात आहे.

म्हणून माझी एकच मागणी आहे. उदयनगर परिसरातील शासकीय आदिवासी वसतिगृहांत आणि आश्रमशाळांत आठवड्यातून एक संध्याकाळ पालकांसाठी राखून ठेवावी. पासबुक, व्याजाचा हिशेब, कर्जाचा अर्ज आणि जमिनीचे कागद वाचायला तेथे त्यांच्याच बोलीत शिकवावे. या कामासाठी गावातीलच शिकलेल्या मुलींना प्रशिक्षण आणि मानधन द्यावे, आणि या वर्गांना सिस्टर राणी मारिया यांचे नाव द्यावे. पहिला वर्ग उदयनगरलाच सुरू व्हावा. तेथे दर आठवड्याला येऊन विनामूल्य शिकवण्याची माझी तयारी आहे.

आपला नम्र,
एक सेवानिवृत्त बँक कर्मचारी, इंदूर