पाऊस फोर-के, आवाज उसना

मा. संपादक,

झोपताना किंवा अभ्यासाला बसताना लावायचे पावसाचे आठ-आठ तासांचे फोर-के व्हिडिओ आता बेळगाव-खानापूर भागातूनही निघू लागले आहेत. जांबोटी, कणकुंबी, चोर्ला घाट. चित्र देखणेच असते. आवाज मात्र बऱ्याचदा मोफत संग्रहातून उचललेला. कणकुंबीच्या रानात ना बेडूक, ना रातकिडे, ना शीळकरी कस्तूर पक्षी. आणि कौलारू घरावर पत्रा वाजतो! ऐकणारा फोन पालथा ठेवून झोपतो. मग सगळी मेहनत चित्रावरच का?

४८ किलोहर्ट्झ, २४ बिटचे स्टिरिओ ध्वनिमुद्रण तासाला जेमतेम १ जीबी घेते. सेकंदाला १०० मेगाबिटने केलेले चित्रण तासाला ४५ जीबी खाते. जागेची सबब चालणार नाही. मायक्रोफोन पडवीत, पागोळ्यांपासून दीड-दोन मीटर आत ठेवावा. पागोळ्या पडतात तिथे गोणपाट अंथरले की टपटप मऊ होते. घाटातल्या वाऱ्याला फोमची टोपी पुरत नाही, केसाळ आवरण लागते. तेही भिजले की निकामी, म्हणून दुसरे कोरडे जवळ असावे. ८० हर्ट्झखालचे खर्जातले आवाज काढून टाकावेत. ऑटो गेन, म्हणजे यंत्राने आपणहून पातळी बदलणे, बंदच हवा, नाहीतर सर ओसरली की यंत्र आवाज चढवते आणि पाऊस श्वास घेतल्यासारखा वरखाली होतो. पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवावी. जोराच्या सरीत फाटलेला आवाज नंतर सांधता येत नाही.

खरी गोची जोडाची. अर्ध्या मिनिटाचा तुकडा फिरवत ठेवला की तीच कस्तुराची शीळ, तोच कुत्रा कानाला सापडतो आणि झोप उडते. निदान २० मिनिटांचे सलग मुद्रण घ्यावे, ओळखू येणारे आवाज कापावेत आणि दोन्ही टोके दहाएक सेकंद एकमेकांवर चढवावीत. हा क्रॉसफेड ‘इक्वल पॉवर’, म्हणजे एकूण जोर सारखा राखणारा, निवडावा. सरळ रेषेचा घेतला तर मध्यावर पाऊस सुमारे ३ डेसिबलने खचतो. यूट्यूब १२ तासांपर्यंतचा व्हिडिओ घेते, म्हणून १२ तास भरलेच पाहिजेत असे नाही.

ऐकणाऱ्यांसाठी एवढेच: पावसात प्रत्येक फ्रेम वेगळी, त्यामुळे डेटा फार जातो. सेकंदाला २० मेगाबिट धरले तर फोर-के तासाला ९ जीबी. रोजच्या २ जीबीचा पॅक सुमारे सव्वातेरा मिनिटांत संपतो. नुसतेच ऐकायचे असेल तर चित्र १४४पी या सर्वांत कमी दर्जावर उतरवावे.

— एक ध्वनिमुद्रक, टिळकवाडी, बेळगाव