तुझी पटकथा वाचली

चि. बाळ हीस अनेक आशीर्वाद.

तुझी पटकथा कोपऱ्यावरच्या झेरॉक्सवाल्याकडून छापून आणली, मोबाइलवर मला वाचवत नाही. जेवणं उरकल्यावर आईनं मोठ्यानं वाचली, मी ऐकली. गोष्ट चांगली आहे. पण एक सांगतो, रागावू नकोस.

तुझी नायिका कोल्हापूरची, बाप फौंड्रीत कामाला, आणि बोलते काय तर 'पानी', 'व्हय', 'नगं'. हे मालिकेतलं खेडं झालं. ते साताऱ्यालाही तसंच आणि लातूरलाही तसंच. बरं, घरातून निघताना ती म्हणते, "आई, मी येते." तिथं तुझी आई वाचायची थांबली. "ही पोरगी कुठली म्हणायची?" आपल्याकडं बायका "मी येतो" म्हणतात. तू स्वतः फोन ठेवताना "ठेवतो" म्हणायचीस. मुंबईत कुणी हसलं म्हणून सोडलंस का?

लहानपणी तुला सायकलवर पुढं बसवून खरी कॉर्नरचा कॅमेऱ्याचा स्तंभ दाखवायचो. "हा फोटो काढतो का?" असं विचारलं होतंस. तो आपल्या कोल्हापूरच्या जुन्या सिनेमावाल्या बाबूराव पेंटरांच्या आठवणीचा. मेस्त्री घराण्यातला माणूस, नाटकाचे पडदे रंगवणारा. सिनेमाचं वेड त्यांना आणि त्यांच्या नात्यातल्या आनंदरावांना बरोबरच लागलं. आनंदराव 1916 मध्ये गेले. पुढं सहकारी विष्णुपंत दामल्यांना हाताशी घेऊन बाबूरावांनी 1918 च्या सुमारास स्वतःचा कॅमेरा तयार केला. लोक हे सहज बोलून जातात. मी जन्म लेथवर काढला, मला विचार. फिल्म एकेक चौकट पुढं सरकायची, भिंगामागं क्षणभर निश्चल थांबायची, तेवढ्यात शटर उघडून मिटायचं, आणि हे सेकंदाला सोळा-सोळा वेळा, हातानं दांडा फिरवत. एखादा दाता किंचित घासलेला असला तरी पडद्यावर चित्र नाचतं. ते काम इथल्या कारागिरांच्या हातांनी झालं.

'सैरंध्री' या चित्रपटानं 1920 मध्ये त्यांचं नाव झालं होतं. देवादिकांचेच चित्रपट काढत बसले असते तरी चाललं असतं. पण 1925 मध्ये त्यांनी 'सावकारी पाश' काढला. जमीन सावकाराच्या घशात जाते आणि शेतकरी शहरात गिरणीकामगार होतो, एवढीच गोष्ट. तो तरुण शेतकरी म्हणजे व्ही. शांताराम. त्यातली अंधारातली झोपडी आणि तिच्यापुढं रडणारं कुत्रं याबद्दल जुन्या माणसांनी फार लिहून ठेवलंय. मूकपट होता गं. 'व्हय' म्हणायची सोयच नव्हती. तरी ते घर कुणाचं, हे कळायचं.

बाबा गावाकडं परत ये म्हणतायत, असं वाटून घेऊ नकोस. बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतली माणसं 1929 मध्ये बाहेर पडली, 'प्रभात' ही स्वतःची फिल्म कंपनी काढली, आणि 1933 मध्ये ती कंपनीही पुण्याला गेली. कोल्हापूरकरांना ते अजून खुपतं. मला नाही खुपत. पुण्यात बसूनच दामले-फत्तेलालांनी 1936 मध्ये 'संत तुकाराम' केला आणि तो व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात गाजला. त्यातली आवली नवऱ्यावर कशी खेकसते, आठव. म्हशीचं शेण काढणारी बाई आहे ती, संताची बायको म्हणून हात जोडून उभी नाही राहत. बाबूराव मात्र शेवटी चित्रं आणि पुतळ्यांकडं वळले. चित्रपटाच्या धंद्यात आयुष्यभर वरच राहता येतं असं नाही, हेही लक्षात असू दे.

फौंड्रीतला प्रसंग पुन्हा लिही. तुझ्या पटकथेतला बाप कामावरून येतो आणि लगेच पोरीला जवळ घेतो. तसं होत नाही. काळी वाळू नाकात, कानात, पापण्यांवर बसलेली असते. आधी मोरीत जातो, आई पाणी ओतते, पोरगी टॉवेल घेऊन दारात उभी राहते. तू राहायचीस. तोपर्यंत कुणी काही बोलत नाही.

चौदावं पान सोबत पाठवतोय. आईनं 'येते' खोडून वर पेनानं 'येतो' लिहिलंय, आणि शेजारी बारीक अक्षरात: "कधी येतोस?"

तुझे,
बाबा