दहावी आली म्हणून खेळ का सोडायचा?

माननीय संपादक,

दहावीचं वर्ष लागलं की घराघरात एकच वाक्य ऐकू येतं, आता वर्षभर खेळ बंद. आमच्या घरात ते मीच बोलले. मुलगी शिवाजी पार्कच्या तलावात चार वर्षं पोहत होती, पहाटे साडेपाचला न उठवता उठायची, पण क्लासवाले म्हणाले सकाळची बॅच आहे, पोहणं की मार्क ते ठरवा, आणि मी ठरवून टाकलं. तिला विचारलंसुद्धा नाही. तिची टोपी आणि गॉगल अजून बाथरूमच्या दारामागे लटकलेत.

हे आज लिहावंसं वाटलं ते पॉल ओ'डोनोव्हनमुळे. हा आयर्लंडचा रोइंगवाला, म्हणजे वल्ह्यांनी बोट पळवण्याच्या शर्यतीतला खेळाडू, स्किबरीन नावाच्या छोट्या गावाजवळचा. 2016 ला रिओमध्ये हा आणि भाऊ गॅरी, दोघांनी सिल्व्हर मिळवलं, रोइंगमधलं आयर्लंडचं ते पहिलंच ऑलिम्पिक मेडल. मग टोकियोला फिंटन मॅकार्थीबरोबर गोल्ड आणि 2024 ला पॅरिसमध्ये त्याच जोडीदाराबरोबर परत गोल्ड. आता खरी गोष्ट ऐका, या सगळ्याच्या मधे त्याने आधी डब्लिनला फिजिओथेरपी केली, मग कॉर्कच्या कॉलेजात मेडिकलला गेला आणि डॉक्टर झाला! आपल्याकडे नीटची तयारी करणाऱ्या पोराला संध्याकाळी अर्धा तास खाली सोडायला आपण घाबरतो.

मी परळला एका हॉस्पिटलात 22 वर्षं ईसीजी काढतीये. डॉक्टर नाही, पण पट्टी रोज बघते. मागे एक कॉलेजचा मुलगा फिटनेस सर्टिफिकेटसाठी आला होता, लांब पल्ल्याचा रनर. छातीला-हातापायाला वायरी (लीड) लावल्या, ईसीजीची कागदी पट्टी बाहेर आली, दोन ठोक्यांच्या मधे सात मोठे चौकोन. आपल्यासारख्यांच्या पट्टीत चारेक असतात. म्हणजे मिनिटाला ठोके फक्त 42-43. नवीन डॉक्टर जरा दचकले, सिनियर मॅडमनी पट्टी हातात घेतली आणि मुलाला पहिला प्रश्न विचारला, पळतोस का रे? मग इको (हृदयाची सोनोग्राफी) करून खात्री केली, कारण खेळाडूचं वाढलेलं हृदय आणि आजारामुळे जाड झालेलं हृदय यातला फरक नीट बघावा लागतो, तिथे अंदाजाने चालत नाही.

मॅडमच म्हणाल्या की यात रोइंगवाले सगळ्यात पुढे. त्यांना 2000 मीटर सहा-सव्वासहा मिनिटांत मारायचे असतात, पाय, पाठ, हात सगळं एकदम कामाला लागतं, त्यामुळे हृदयाचा कप्पाही मोठा होतो आणि भिंतही जाड होते. शांत बसलेल्या माणसाचं हृदय मिनिटाला साधारण 5 लिटर रक्त ढकलतं, वरच्या दर्जाच्या रोअरचं शर्यतीत 30 लिटरच्या वर जातं. पॉलसारखा माणूस हे आधी स्वतःच्या छातीत अनुभवतो आणि मग पुस्तकात वाचतो, त्याला हृदय शिकायला किती सोपं गेलं असेल असं मला सारखं वाटतं.

आणि हे फक्त तिकडचंच असं नाहीये. आपल्या चांदवड तालुक्यातल्या तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ, दुष्काळी गाव, घरचे विहिरी खोदायचे, आर्मीत गेल्यावर वल्हं हातात आलं आणि त्याच रिओ ऑलिम्पिकमध्ये तो तेरावा आला, 2018 ला एशियन गेम्सचं गोल्ड घेऊन आला. पाणी बघायला न मिळालेला पोरगा बोट चालवतो आणि आपण मुंबईत पाण्याशेजारी राहून पोरांना पाण्यातून बाहेर काढतो.

बोर्ड खेळाडूंना वाढीव मार्क देतं, चांगलंच आहे, पण स्पर्धा आणि परीक्षा एकाच आठवड्यात आल्या तर त्या पोराने काय करायचं? त्याला दुसरी तारीख द्या. क्लासवाल्यांनी खेळणाऱ्या मुलांसाठी एक उशिराची बॅच ठेवावी, फी तर आम्ही पूर्णच भरतो.

तुम्हालाही एक विनंती. निकालाच्या दिवशी तुम्ही टॉपरचे फोटो छापता, त्यात एक कोपरा वर्षभर मैदान न सोडता पास झालेल्या मुलांना द्या, मार्क कितीही असोत. माझी लेक आता बारावीत आहे. या रविवारी तिला विचारणार आहे, येतेस का तलावावर.

एक ईसीजी टेक्निशियन, परळ, मुंबई