बाबांचं चिकन आणि तिच्या आजीचं जर्क

वेंगुर्ले,
रविवार, दुपार

चि. बायस अनेक आशीर्वाद.

तुझा फोटो आईने आधी बघितला, तोही चष्मा न लावता. "हिने कोळशांचा फोटो कशाला पाठवलाय?" म्हणाली. मग मी मोठा करून बघितला. वरून काळंठिक्कर, आणि सुरी घातलीस तिथे हाडाजवळ गुलाबी. खाली तू लिहिलंस, "बाबा, तू सांगितलंस तस्संच केलं. आणि रूममेट म्हणते, चव छान आहे, पण हे जर्क नाही."

फोनवर तू मला बोलू देत नाहीस आणि मी मुद्दा विसरतो, म्हणून लिहायला बसलो.

आधी कबुली देऊन टाकतो. तुझी रूममेट बरोबर बोलली. तिची आजी पोर्टलंडची ना? तो जमैकाचा ईशान्येचा कोपरा. मसाला चोळून धुरावर भाजलेलं मांस ते जर्क, आणि तिथल्या बोस्टन बेच्या जर्कचं नाव सगळ्या बेटावर घेतात. अशा घरातल्या पोरीसमोर तू माझं चिकन जर्क म्हणून ठेवलंस. शहरातल्या हॉटेलातली लाल ग्रेव्ही आपल्यापुढे 'मालवणी' म्हणून ठेवतात तेव्हा तुझी आई कसं तोंड करते, आठवतं ना? ती पोर निदान "चव छान आहे" तरी म्हणाली.

मी ते पहिल्यांदा खाल्लं १९९७ साली. बल्क कॅरिअरवर, म्हणजे सुटा माल नेणाऱ्या जहाजावर, चीफ कुक होतो, तू तेव्हा झाली नव्हतीस. जहाज जमैकात पोर्ट एस्क्विव्हेल बंदराला ॲल्युमिना भरायला लागलं होतं. ॲल्युमिना म्हणजे पांढरी पूड, डेकवर पिठाच्या गिरणीसारखी सगळ्यांच्या भुवयांवर बसते. पाऊस आला की हॅच, म्हणजे मालाच्या कोठाराचं झाकण, बंद करून भरणं थांबवायचं, कारण माल भिजून चालत नाही. त्या वेळी पावसाने दोन दिवस असा लपंडाव मांडला, की आम्हांला न मागता शोअर लीव्ह, किनाऱ्यावर जायची सुट्टी, मिळाली. गॅलीत, म्हणजे जहाजाच्या स्वयंपाकघरात, बावीस माणसांचं जेवण उरकलं आणि मी आणि जेवण वाढणारा मेसमन गेटाबाहेर पडलो.

रस्त्याच्या कडेला तेलाचं पिंप उभं चिरून आडवं ठेवलेलं. दोन फाकांना बिजागऱ्या, खाली लोखंडी पाय, आत निखारे, वर जाळी. माणूस झाकण उचलायचा तेव्हा धुराचा लोट यायचा आणि त्यातून लवंगेचा वास. मी म्हटलं, लवंग घातलीय. तो हसला आणि बोटाने लाकडाचा तुकडा दाखवला. कोळशावर त्याने हिरव्या ओल्या लाकडाच्या ढलप्या टाकल्या होत्या. तिकडे त्या झाडाला पिमेंटो म्हणतात. आपण ज्याला ऑलस्पाइस म्हणतो ते. कोलंबसाच्या माणसांना त्याचे दाणे मिरीसारखे वाटले, म्हणून स्पॅनिशमधलं मिरीचं नाव त्याला चिकटलं ते आजतागायत. लवंगेत जे तेल असतं, युजेनॉल, तेच त्यात भरपूर असतं. माझं नाक अगदीच चुकलं नव्हतं तर.

त्याने एक तंगडी उचलून लाकडाच्या ओंडक्यावर ठेवली, सुऱ्याने खटाखट पाच तुकडे केले, हाडासकट, आणि फॉइलमध्ये जाड पांढऱ्या पावाच्या दोन स्लाइसबरोबर बांधून दिले. पहिला घास गोडसर लागला. दुसऱ्या घासाला कान गरम झाले. मेसमन रत्नागिरीचा, तिखटाला भिणारा नव्हे, तो पाणी शोधत गेटापर्यंत गेला. मी तिथेच उभा राहून सगळं खाल्लं, आणि मग कुकची खोड, विचारत सुटलो.

मी इंडियाचा म्हटल्यावर तो म्हणाला, "गावस्कर! किंग्स्टनला आमची धुलाई केली होती." आता त्याने मला फुकट एक पंख दिला होता, गप्प बसायला हवं होतं. पण नाही राहवलं. १९७१ ला किंग्स्टनच्या सबायना पार्कवर २१२ काढल्या त्या आमच्या मडगावच्या दिलीप सरदेसाईंनी, त्या मॅचला गावस्कर नव्हताच, असं मी त्याला ठासून सांगितलं. त्याने दुसरा पंख दिला नाही.

पण बाकी पुष्कळ सांगितलं, आणि उरलेलं मी नंतर वाचलं. १६५५ मध्ये इंग्रजांनी स्पॅनिशांकडून जमैका घेतली, त्या गडबडीत आणि पुढेही मळ्यांवरचे आफ्रिकी गुलाम निसटून डोंगरात गेले. त्यांना मरून म्हणतात. आधीपासून तिथे राहणाऱ्या टाइनो लोकांकडून ते मांस भाजायच्या, धुरवायच्या रीती शिकले. रानडुक्कर मारायचं, मीठ, पिमेंटो आणि मिरची चोळायची, आणि हिरव्या लाकडावर मंद धगीत तासन्‌तास ठेवायचं. धूर दिसला तर इंग्रज शिपाई येतील म्हणून खड्ड्यात झाकून भाजायचे असंही सांगतात. इंग्रजांना त्यांना हरवता आलं नाही, १७३९ ला तह करावा लागला. तेव्हा जर्क म्हणजे मुळात डुक्कर, कोंबडी मागाहून आली. हे तुझ्या रूममेटला सांगू नकोस, तिला आपल्यापेक्षा जास्त माहीत असणार.

आणखी एक. आम्ही उभे होतो तिथून ओल्ड हार्बर बे जवळच. १८४५ मध्ये ऊसमळ्यांवर राबायला हिंदुस्थानातून पहिली माणसं आणली ती तिथे उतरवली. गुलामगिरी संपली होती, मळेवाल्यांना हात हवे होते. बहुतेक भोजपुरी मुलखातले. त्यांच्यामुळे जमैकात बकऱ्याची करी आज लग्नाकार्यात असते. १८५४ ला चिनी आले. जर्कच्या वाटणात सोया सॉस दिसला की मला ते आठवतात. पिंपवाल्याच्या बाटलीतही सोया सॉसच होता, मी वास घेऊन बघितला.

आता तुझं लहानपण. घरी आल्यावर मला ते करायचं होतंच. मुंबईला मसाल्याच्या दुकानात ऑलस्पाइस मागितला तर मोठ्या विश्वासाने कबाबचिनी बांधून दिली. ती वेगळी. तिला बारीक शेपटी असते, चव कडवट गार. ती मी दोनदा वापरली आणि दोन्ही वेळा आईने कुत्र्याला घातलं. मग मी नर्सरीतून ऑलस्पाइसचं रोप आणलं. परड्यातलं ते झाड, ज्याची पानं चुरगळून तू हाताला वास लावायचीस, ते तेच. दाणा त्याने आजवर एक धरला नाही, पण पानाला वास आहे. थाइम मिळत नव्हतं तर ओवा घातला, दोन्हींत थायमॉल असतं म्हणून. रमच्या जागी काही नाही, कारण आईचा डोळा. आंबटाला माडाचं व्हिनेगर. मिरची लवंगी, तीही तू लहान म्हणून अर्धीच, आणि तू "तिखट, तिखट" करून रडायचीस म्हणून गूळ दुप्पट. खाली निखारे करवंटीचे आणि त्यावर पेरूच्या ओल्या फांद्या. पेरू, जांभूळ, लवंग आणि पिमेंटो एकाच कुळातली झाडं, त्यामुळे धूर थोडा तरी भावकीतला.

त्याला तू बाबांचं जर्क म्हणायला लागलीस आणि मी कधी दुरुस्त केलं नाही. सहा-सहा महिने बाहेर असणाऱ्या माणसाला पोरीने काहीतरी 'बाबांचं' म्हटलं तर तो कशाला दुरुस्त करील? पण आता तू टोरंटोत बसून ते लोकांना जर्क म्हणून वाढतेस, म्हणून सांगतो. त्याला बाबांचं चिकन म्हण. जर्क करायचं असेल तर खालच्यासारखं कर, आणि तुझ्या कोपऱ्यावर कॅरिबियन दुकान आहे म्हणालीस, तेव्हा माझ्यासारखी तडजोड करायचं तुला काही कारण नाही.

तंगड्या आण, मांडीसकट, हाडं आणि कातडीसकट, दीड किलो. ब्रेस्ट नको, सुकं होतं. पिमेंटोचे अख्खे दाणे दोन चमचे, कोरडे जरासे गरम करून खलात कुट. पूड विकत आणू नकोस, तिला फक्त रंग असतो. कांद्याची पात सहा काड्या, हिरव्यासकट. थाइमच्या आठ-दहा काड्या, पानं ओरबाडून. लसूण चार पाकळ्या, आलं बोटाच्या पेराएवढं. आता इथे हात आखडता घे. आपल्या सवयीने तू आलं-लसूण मूठभर घालशील आणि ते तंदुरीकडे झुकेल. हळद नाही, गरम मसाला नाही, दही नाही. काळी मिरी एक चमचा, दालचिनी अर्धा, जायफळ दहा-बारा वेळा खिसणीवर ओढ. सोया सॉस दोन मोठे चमचे, ब्राउन शुगर एक मोठा चमचा, दोन लिंबं, तेल दोन चमचे, मीठ दीड चमचा, कारण सोयात मीठ आहेच.

मिरची स्कॉच बॉनेट, चपटी, पिळदार टोपीसारखी, पिवळी किंवा लाल. पहिल्या खेपेला एकच. तिचा वास घे, पिकल्या फळासारखा येतो, आणि तिथेच माणूस फसतो. आपल्या लवंगीला असा वास नाही. हातमोजे घाल. तू लेन्स लावतेस म्हणून दोनदा लिहितो : हातमोजे घाल. चुकून हाताला लागलंच तर आधी तेल चोळ, मग साबण. नुसत्या पाण्याने तिखट जात नाही, पसरतं फक्त. गॅलीत एका पोऱ्याने तशा हाताने डोळा चोळला होता, त्याला बेसिनशी धरून ठेवायला दोघं लागलो.

सगळं मिक्सरमधून जाडसर काढ, गुळगुळीत नको. तंगड्यांना हाडापर्यंत दोन-तीन खाचा दे, वाटण कातडीखाली आणि खाचांत चोळ. तीन-चार चमचे वाटण आधीच वेगळं काढून ठेव, वर लावायला. कच्च्या चिकनला लागलेलं उरलं तर ते उकळल्याशिवाय तोंडात घालायचं नाही. रात्रभर फ्रिजमध्ये.

आता तुझा फोटो. तू सुरुवातीपासून ब्रॉइलवर ठेवलंस ना? वरच्या दांडीची आग थेट, खाली माझा दुप्पट गूळ. साखर दहा मिनिटांत जळली आणि आतल्या मांसाला खबरच नाही. पिंपवाला निखारे एका बाजूला करायचा आणि चिकन दुसऱ्या बाजूला, झाकण बंद. ओव्हनमध्ये तेच कर : वरचं जाड वाटण बोटाने निपटून काढ, ट्रेवर जाळी, जाळीवर तंगड्या कातडी वर करून, ट्रेत पेलाभर पाणी म्हणजे चरबी जळून धूर होणार नाही आणि तुमचा अलार्म बोंबलणार नाही. ३७५ फॅरेनहाइट, मधल्या खणात, पाऊण तास. शेवटची तीनच मिनिटं ब्रॉइल, आणि त्या तीन मिनिटांत फोन हातात घ्यायचा नाही, समोर उभं राहायचं. कडा काळ्या व्हायला हव्यात, ठिपक्याठिपक्याने. धुराची चव मात्र ओव्हनमध्ये येणार नाही. ती हवी असेल तर उन्हाळ्यात कुणाच्या अंगणात कोळशाची शेगडी मिळेल तेव्हा पिमेंटोचे मूठभर दाणे भिजवून निखाऱ्यावर टाक.

गुलाबी रंगावर जाऊ नकोस. कोवळ्या कोंबडीत हाडाजवळ शिजल्यावरही लाली राहते, ती हाडातल्या मगजाची असते. थर्मामीटर घे, मांडीच्या जाड भागात खुपस, हाडाला टेकवू नकोस. १६५ फॅरेनहाइटला खायला हरकत नाही, पण तंगडी १८० ला जास्त चांगली लागते, हाडापासून सुटते.

बोस्टन बेला मी कधी पोचलो नाही. पाऊस थांबला, हॅच उघडली, दुसऱ्या पहाटे जहाज सुटलं. तुझ्या रूममेटच्या आजीला विचार, त्या कोंबडीला वाटण किती वेळ लावून ठेवतात आणि पातीचा पांढरा भाग घेतात की नाही. ती जे सांगेल ते माझ्या वर धर, आणि मला कळव.

आई विचारते, ऑलस्पाइसची पानं वाळवून पाठवू का. मी नको म्हटलं. तरी तिने सुपात पसरून ठेवलीत.

तुझा,
बाबा