निवट्यांचं कालवण कोण लिहून ठेवणार?

महोदय,

मासळीवरचे लेख पापलेट, सुरमई, कोळंबीच्या पुढे सरकत नाहीत. आमच्या वेसाव्यात एक मावशी आहेत. कुठे शिकल्या नाहीत, सासूकडे बघून बघून हात बसला. १ जून ते ३१ जुलैच्या मासेमारीबंदीत, आधीच वलांडीवर (बांबूच्या मांडवावर) वाळवून ठेवलेले बोंबील विस्तवावर भाजतात, ठेचतात, वर कच्चा कांदा. खाडीतले निवटे (चिखलातले छोटे मासे) आधी राखेत चोळतात, नाहीतर बुळबुळीतपणा जात नाही. राख किती? 'हाताला कळतं.' (आमच्या हाताला अजून कळलेलं नाही.)

त्यांच्या आजोळी, वाडा तालुक्याकडे, रानडुकराचा रस्सा व्हायचा. १९७२चा वन्यजीव संरक्षण कायदा आला, शिकार बंद झाली, योग्यच झालं. तो रस्सा गेला, वाटण मात्र मावशींनी सोडलं नाही. काळा झालेला कांदा, सुकं खोबरं, मिरी भरपूर. आता ते गावठी कोंबडीला लावतात.

सीफूड फेस्टिव्हलच्या बातम्यांना आपण पाव पान देता. आठवड्यातून अर्धा रकाना अशा बायकांना द्या, आणि पाककृती त्यांच्याच बोलीत छापा. चमच्यांची मापं नकोत.

– एक वाचक, वेसावे, मुंबई