मयत खात्याच्या टेबलापलीकडून

संपादक महोदय,

आपल्या रविवारच्या पुरवणीत दुःखाच्या पाच पायऱ्यांवर लेख वाचला. नकार, राग, घासाघीस, खिन्नता, मग स्वीकार. लेख कळकळीने लिहिलाय, पण एक गोष्ट त्यात राहून गेली. एलिझाबेथ कुबलर-रॉस या डॉक्टर बाईंनी १९६९ साली या पायऱ्या मांडल्या त्या मरणाच्या दारात असलेल्या रुग्णांशी बोलून. जाणाऱ्याच्या मनाच्या त्या पायऱ्या. मागे राहिलेल्यांना त्या नंतर लावल्या गेल्या. मला तर एकही लागली नाही. लागली असती तर बरंच झालं असतं. ठाणे स्टेशनच्या पुलावर कितीही रेटारेटी असो, आपण चढतोय की उतरतोय एवढं तरी कळतं.

मी बँकेतून निवृत्त झाले. शेवटची नऊ वर्षं माझ्याकडे मयत खातेदारांच्या दाव्यांचं टेबल होतं. गेल्या वैशाखात माझे यजमान गेले आणि तसल्याच एका टेबलासमोर मला बसावं लागलं. त्याबद्दल लिहायचं आहे.

हे झोपेत गेले. भेटायला आलेले सगळे म्हणाले, भाग्यवान माणूस, कुणाला त्रास नाही दिला. शेजारी झोपलेलीला त्या भाग्यात कुणी धरलं नाही. दहाव्याला पिंड ठेवला आणि कावळा मिनिटभरात शिवला. गुरुजी म्हणाले, काही इच्छा राहिली नव्हती. दीर, जावा, सगळ्यांना हायसं वाटलं. मला मात्र असा राग आला! छत्तीस वर्षांचा संसार, आणि एकही इच्छा मागे राहू नये? निदान मी तळलेल्या सुरमईची? त्या कावळ्यावरचा राग अजून गेलेला नाही. ही कितवी पायरी ते लेखकाने सांगावं.

रडू मला पहिले तेरा दिवस फारसं आलं नाही. घर भरलेलं होतं, शेजारून पिठलं-भात येत होता, कुणी ना कुणी चहा हातात देत होतं. माणसं पांगल्यावर एका सकाळी ह्यांच्या गोळ्यांची डबी हाती आली. सात वारांचे सात खण. सोम, मंगळ, बुध रिकामे. गुरुवारपासून पुढे भरलेले. ती डबी मी धुऊ शकले नाही आणि टाकूही शकले नाही. अजून फ्रीजवर आहे.

पण मला सांगायचंय ते डोळ्यातल्या पाण्याबद्दल नाही, विसरण्याबद्दल. पातेलं गॅसवर ठेवून मी तळावपाळीला फेरी मारायला गेले आहे. जांभळी नाक्यावर भाजी घेतली, पैसे दिले आणि पिशवी तिथेच ठेवून घरी आले. छापलेली ओळ वाचायची, अर्थ लागायचा, आणि पुढच्या ओळीला मागची पुसलेली असायची. शिवाय छातीवर पाटा ठेवल्यासारखं. डॉक्टरांनी कार्डिओग्राम काढला, तो नॉर्मल निघाला. त्यांनीच सांगितलं की मोठ्या धक्क्याने हृदयाचा एक भाग खरोखर फुगतो. १९९० साली जपानी डॉक्टरांनी त्याला ऑक्टोपस पकडायच्या मडक्याचं नाव दिलं, ताकोत्सुबो, आणि तो आजार जास्त करून उतारवयाच्या बायकांना होतो. माझं तसं काही नव्हतं. पण अंगाला काहीतरी होतंय हे कुणी तरी मानलं, याचाच आधार वाटला.

अशा अवस्थेत मी बँकेत गेले. कागदांची यादी मला तोंडपाठ. नऊ वर्षं मीच ती लोकांना म्हणून दाखवलेली. समोरच्या मुलीने मृत्यूचा दाखला मागितला आणि मी पर्स उपसत बसले. दाखला घरी होता, कणकेच्या डब्यावर. दुसऱ्या खेपेला सही जुळेना. हात माझाच, नाव माझंच, पण आडनावाचं शेवटचं अक्षर दर वेळी घसरत होतं. आमचं एक खातं जोडीचं होतं, ‘आयदर ऑर सर्व्हायव्हर’. हा शिक्का मी हजारो पासबुकांवर मारला असेल. त्यातला सर्व्हायव्हर म्हणजे जिवंत उरलेली बाई, हे त्या दिवशी कळलं.

आणि मला कळव्याचे एक काका आठवले. बायकोच्या खात्यासाठी ते माझ्याकडे चारदा आले. एकदा दाखला नाही, एकदा फोटो नाही, एकदा साक्षीदाराची सही नाही. चौथ्यांदा त्यांनी सगळी पिशवी टेबलावर ओतली. त्यात लाइट बिल होतं, जुना रेल्वेचा पास होता, बायकोच्या चष्म्याचं घर होतं. मी म्हटलं, “काका, मागच्या वेळी लिहून दिलं होतं ना?” ते म्हणाले, “वाचलं हो मॅडम. वाचलं की पुसलं जातं.” मी शेजारच्या सहकारिणीकडे बघून भुवया उंचावल्या. त्यांनी ते पाहिलं असणार.

रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, सर्व कागदपत्रं मिळाल्यापासून १५ दिवसांत दावा निकाली काढायचा. नियम चांगला आहे. पण सगळं अडतं ते ‘सर्व’ या शब्दापाशी. ज्याचं माणूस नुकतं गेलंय त्याला सर्व कागद एका वेळी आठवत नाहीत, आणि तो निष्काळजी नसतो. माझ्या त्या टेबलावर आज जे कुणी बसत असेल त्यांना सांगणं आहे: समोरच्याला आधी खुर्ची द्या. “डेथ केस कोण, इकडे या” अशी हाक मारू नका. मी मारलेली आहे. यादी देऊन मोकळे होऊ नका, फॉर्म शेजारी बसून भरून घ्या. दहा मिनिटं जातात.

किती दिवस हे चालतं, असं भाची विचारते. जागतिक आरोग्य संघटना सहा महिन्यांनंतरच्या न हटणाऱ्या शोकाला आजार म्हणते, अमेरिकेतले मानसोपचारतज्ज्ञ मोठ्या माणसांना बारा महिने देतात. आपल्याकडे वर्षश्राद्धाचा हिशोब होताच. ज्यांना खरंच निभत नाही त्यांच्यासाठी सरकारची टेलिमानस सेवा १४४१६ वर आहे, फुकट, मराठीतूनही बोलता येतं. मी एकदा फोन केला होता.

बँकेचं सगळं झालं. गॅस तेवढा अजून ह्यांच्या नावावर आहे. नाव बदला म्हणून लोकांच्या मागे लागणारी मी, तो फॉर्म सहा महिने ड्रॉवरमध्ये ठेवून आहे. सिलिंडर आला की कोड ह्यांच्या मोबाइलवर येतो, म्हणून तो फोन चार्ज करून ठेवावा लागतो. डिलिव्हरीवाला दारातून ह्यांचं पूर्ण नाव घेऊन विचारतो, “हेच घर ना?” मी हो म्हणते आणि कोड सांगते.

आपली,
एक निवृत्त बँक कर्मचारी
नौपाडा, ठाणे (प.)