गुणांसोबत प्रयत्नांचाही हिशेब छापावा

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारी आपल्या क्रीडा पानावर दिवंगत बास्केटबॉलपटू कोबी ब्रायंट याच्या सर्वाधिक गुणांच्या सामन्यांची चौकट प्रसिद्ध झाली. क्रिकेटने व्यापलेल्या पानावर आमच्या खेळाला एवढी ठसठशीत जागा मिळाली, याबद्दल प्रथम मनापासून आभार मानतो. चौकटीतील आकडेही बरोबर आहेत. ८१, ६५, ६२, ६१ आणि दोन वेळा ६० असे साठ किंवा त्याहून अधिक गुणांचे सहाच सामने त्याच्या वीस हंगामांच्या कारकिर्दीत आहेत. तरीही ती चौकट वाचून मला रुखरुख लागली, कारण प्रत्येक ओळीत तारीख, प्रतिस्पर्धी संघ आणि गुण एवढेच होते. ते गुण किती नेम मारून झाले, खेळाडू किती वेळ कोर्टवर होता, त्या वेळी संघ पुढे होता की मागे, आणि शेवटी सामना कोणी जिंकला, यांपैकी काहीही नव्हते. फलंदाजाच्या शतकाची बातमी देताना त्याने किती चेंडू घेतले हे लिहायला आपले क्रीडा प्रतिनिधी कधीही विसरत नाहीत. बास्केटबॉलच्या बाबतीत मात्र तेवढीच आवश्यक असलेली गोष्ट सुटून जाते.

मी धुळ्यात तीस वर्षांहून अधिक काळ क्रीडाशिक्षक होतो, आणि निवृत्तीनंतरही तालुका व जिल्हा पातळीच्या सामन्यांत गुणलेखकाच्या टेबलावर बसतो, म्हणून हा विषय मला किरकोळ वाटत नाही. आपल्याकडे आंतरराष्ट्रीय पद्धतीचे जे गुणपत्रक वापरतात त्यात १ पासून चढत्या आकड्यांचे स्तंभ छापलेले असतात. मैदानी गोल (खेळ चालू असताना केलेली बास्केट) झाला की नव्या बेरजेवर तिरकी रेघ मारायची, फ्री थ्रो (फाउलनंतर मिळणारा एका गुणाचा मोकळा नेम) पडला की भरीव ठिपका द्यायचा, शेजारी खेळाडूचा क्रमांक लिहायचा, आणि गोल तीन गुणांच्या रेषेबाहेरून झाला असेल तर त्या क्रमांकाभोवती वर्तुळ काढायचे. सामन्याच्या चार भागांपैकी, म्हणजे क्वार्टरपैकी, पहिल्या व तिसऱ्याला लाल पेन, दुसऱ्या व चौथ्याला निळे. एवढ्या काटेकोर पत्रकात हुकलेल्या नेमाला मात्र कुठेही जागा नाही. दहा वेळा मारून दहा वेळा बास्केट करणारा मुलगा आणि चाळीस वेळा मारून दहा वेळा बास्केट करणारा मुलगा त्या कागदावर अगदी सारखे दिसतात. म्हणून मी गेली कित्येक वर्षे पत्रकाशेजारी चौकटीची एक वही ठेवतो आणि हुकलेल्या प्रत्येक नेमासाठी तिच्यात एक फुली मारतो. अमेरिकेतील एनबीए या व्यावसायिक बास्केटबॉल लीगच्या अधिकृत तक्त्यात हा हिशेब आयताच मिळतो, आणि तो वाचला की कोबीचे ते सामने एकमेकांपासून किती वेगळे होते हे लक्षात येते.

आपण ८१ पासूनच सुरुवात केली आहे, तर मीही तिथूनच करतो. २२ जानेवारी २००६ रोजी लॉस एंजेलिसमध्ये लेकर्स, म्हणजे कोबीचा संघ, विरुद्ध टोरांटो रॅप्टर्स हा सामना झाला. लेकर्सचा दुसरा मोठा खेळाडू शकील ओनील २००४ मध्येच संघ सोडून गेला होता आणि गुणांचा बहुतेक भार कोबीवर होता. मध्यंतराला टोरांटो ६३–४९ असा पुढे होता, आणि तिसऱ्या क्वार्टरच्या सुरुवातीला ही आघाडी १८ गुणांपर्यंत वाढली. कोबीचे पहिल्या दोन क्वार्टरमध्ये १४ आणि १२ असे २६ गुण झाले होते. चांगला खेळ म्हणावा असे, पण इतिहास घडतो आहे असे वाटावे असे नव्हेत. त्यानंतर तिसऱ्यात त्याने २७ आणि चौथ्यात २८ गुण केले. मध्यंतरानंतर टोरांटोच्या सगळ्या संघाला मिळून ४१ गुण करता आले, आणि त्याच वेळात एकट्या कोबीने ५५ केले. लेकर्सने १२२–१०४ असा सामना जिंकला.

आता प्रयत्नांचा हिशेब पाहा. ४६ मैदानी नेमांपैकी २८ यशस्वी झाले, त्यांत रेषेबाहेरून मारलेल्या १३ पैकी ७. फ्री थ्रो २० पैकी १८. म्हणजे दोन गुणांचे २१ गोल, तीन गुणांचे ७ आणि १८ फ्री थ्रो: ४२ अधिक २१ अधिक १८. ही बेरीज मी मुलांकडून फळ्यावर करून घेत असे, कारण ती करताना त्यांच्या ध्यानात येते की जवळजवळ बेचाळीस मिनिटे कोर्टवर राहून, थकलेल्या पायांनी, दर पाच नेमांपैकी तीन आत टाकणे म्हणजे काय. संघ मागे पडलेला असताना, हरू नये म्हणून केलेले हे गुण होते. जिंकून झाल्यावर विक्रमासाठी गोळा केलेले नव्हते. माझ्या लेखी ८१ ची थोरवी या गोष्टीत आहे, आणि आपल्या चौकटीत नेमकी हीच गोष्ट आली नाही.

त्याच्या महिनाभर आधीचा, २० डिसेंबर २००५ चा, डॅलसविरुद्धचा ६२ गुणांचा सामना तर मला याहूनही विलक्षण वाटतो. चौकटीत तो तिसऱ्या क्रमांकावर, दोन सामन्यांच्या खाली दबून गेला आहे. हे ६२ गुण त्याने तीनच क्वार्टरमध्ये केले होते. तिसरा क्वार्टर संपला तेव्हा डॅलसच्या सगळ्या संघाचे गुण होते ६१ आणि एकट्या कोबीचे ६२. डॅलसचा हा संघ लेचापेचा नव्हता. त्याच हंगामात तो अंतिम फेरीपर्यंत पोहोचला. त्या रात्री कोबीने ३१ नेमांत १८ गोल केले आणि २५ पैकी २२ फ्री थ्रो टाकले. लेकर्स ९५–६१ असे पुढे असल्याने चौथ्या क्वार्टरमध्ये तो कोर्टवर उतरलाच नाही. अजून बारा मिनिटे हातात असताना, सत्तर-ऐंशीचा आकडा समोर दिसत असताना, संघाचे काम झाले म्हणून बाकावर बसून राहिलेल्या खेळाडूची ही गोष्ट आहे. नुसते '६२' छापले की ती वाचकापर्यंत पोहोचत नाही.

मार्च २००७ मधील ६५ आणि ६० हे गुण आपण सुटे सुटे दिले आहेत. वास्तविक ते एकाच माळेतले आहेत. लेकर्स सलग सात सामने हरलेले असताना १६ मार्चला पोर्टलंडविरुद्ध जादा वेळेत गेलेल्या सामन्यात त्याने ६५ गुण केले, आणि पुढच्या तीन सामन्यांत ५०, ६० व ५०. चारही सामने संघाने जिंकले. २ फेब्रुवारी २००९ रोजी न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये केलेल्या ६१ गुणांत २० पैकी २० फ्री थ्रो आहेत, हे फ्री थ्रोच्या सरावाचा कंटाळा करणाऱ्या प्रत्येक मुलाने वाचावे. मात्र त्याच सामन्यात त्याच्या नावावर एकही रिबाउंड (हुकलेल्या नेमानंतर ताब्यात घेतलेला चेंडू) नाही, हेही त्याने वाचावे.

शेवटचे ६० गुण १३ एप्रिल २०१६ चे, यूटाविरुद्धचे, त्याच्या निरोपाच्या सामन्यातले. हा सामना मी पुन्हा पुन्हा पाहिला आहे आणि दर वेळी डोळे भरून येतात. तरीही गुणलेखक म्हणून सांगायला हवे, की त्या ६० साठी त्याने ५० नेम मारले आणि २२ साधले; रेषेबाहेरून २१ पैकी ६. इतर कोणत्याही रात्री प्रशिक्षकाने हे चालू दिले नसते. तो हंगाम लेकर्सने ६५ पराभवांसह संपवला होता, जिंकण्या-हरण्यावर काही अवलंबून नव्हते, आणि सहकाऱ्यांनी स्वखुशीने चेंडू त्याच्या हाती दिला होता. शेवटच्या क्वार्टरमध्ये त्याने २३ गुण करून पिछाडीवरचा सामना १०१–९६ असा जिंकून दिला, हे त्याचे कर्तृत्व कोणीही नाकारणार नाही. या सामन्यातला शेवटचा क्षण मला फार मोलाचा वाटतो. काही सेकंद उरले असताना चेंडू त्याच्या हातात आला, आणि त्याने तो लांबवर पुढे धावत गेलेल्या जॉर्डन क्लार्कसनकडे फेकला. क्लार्कसनने तो रिंगमध्ये घातला. वीस वर्षांच्या खेळातली कोबीची शेवटची कृती हा एक पास होता.

आपल्या चौकटीच्या तळाशी जुन्या काळचा एनबीए खेळाडू विल्ट चेंबरलेन याच्या एका सामन्यातील १०० गुणांचा ओझरता उल्लेख आहे, म्हणून त्याबद्दलही थोडे लिहितो. २ मार्च १९६२ रोजी पेनसिल्व्हेनियातील हर्शी या गावी फिलाडेल्फिया वॉरियर्सने न्यूयॉर्कला १६९–१४७ असे हरवले. चेंबरलेनने ६३ पैकी ३६ नेम साधले आणि ३२ पैकी २८ फ्री थ्रो टाकले. एनबीएमध्ये तीन गुणांची रेषा १९७९ मध्ये आली, म्हणजे त्याचा प्रत्येक मैदानी गोल दोनच गुणांचा होता. शेवटच्या मिनिटांत त्याचे सहकारी मुद्दाम फाउल करून चेंडू परत मिळवत होते आणि न्यूयॉर्कचे खेळाडू त्याच्याकडे चेंडू जाऊ नये म्हणून इतरांना फाउल करत होते, हेही या शंभराच्या हिशेबात धरावे लागते. त्या सामन्याचे चित्रीकरण उपलब्ध नाही. चौथ्या क्वार्टरच्या रेडिओ समालोचनाचे ध्वनिमुद्रण आहे, '१००' लिहिलेला कागद हातात धरलेले प्रसिद्ध छायाचित्र आहे, आणि टेबलावर बसलेल्या माणसांनी केलेल्या नोंदी आहेत. साठ वर्षांहून अधिक काळ लोटल्यावर मी धुळ्यात बसून ६३ पैकी ३६ हे सांगू शकतो, ते केवळ त्या नोंदींच्या जोरावर.

हे सगळे एवढ्या आग्रहाने लिहिण्याचे कारण आमच्या कोर्टवर आहे. काही वर्षांपूर्वी देवपूरच्या बाजूला एका सिमेंटच्या कोर्टवर मुलांचे उन्हाळी सामने होते. मे महिन्यात आमच्याकडे नऊ वाजल्यानंतर सिमेंटवर बुटाचा तळ भाजतो, म्हणून खेळ सकाळी सहाला सुरू होई. एका संघातला चौदा वर्षांचा मुलगा मनगटावर स्केचपेनने '८१' लिहून आला होता. हात अतिशय सुरेख, चेंडूवर ताबा उत्तम. चेंडू मिळाला की ड्रिबल करत थेट रिंगकडे जायचे आणि दोन-तीन जण अंगावर आले तरी नेम मारायचा, असे त्याचे चालले होते. दुसऱ्या बाजूला बोर्डाखाली त्याचा एक सहकारी मोकळा उभा राहून हात वर करत असे, थोडा वेळ तसाच धरत असे आणि मग खाली घेत असे. शेवटच्या क्वार्टरमध्ये त्या सहकाऱ्याने हात वर करणेच सोडून दिले. संघ ३८–३१ असा हरला. संपताच तो मनगटवाला मुलगा धापा टाकत माझ्या टेबलाशी आला आणि त्याने विचारले, "सर, मना कितला पॉइंट व्हयनात?"

मी २३ सांगितले. त्याचा चेहरा फुलला. मग मी चौकटीची वही त्याच्यापुढे सरकवली आणि फुल्या मोजायला सांगितल्या. त्याने बोट ठेवून ठेवून मोजल्या; ३४ भरल्या. दहा गोलांसाठी चौवेचाळीस नेम. तो बराच वेळ काही बोलला नाही. नंतर त्याने विचारले, की ८१ करणाऱ्याच्या फुल्या किती होत्या? मी अठरा म्हणालो, आणि तो संघ मध्यंतराला चौदा गुणांनी मागे होता हेही सांगितले. कोबीचा आकडा त्याला पाठ होता. बाकीचे काही त्याला कधी कोणी सांगितलेच नव्हते, कारण ते त्याच्या वाचनात येईल अशा ठिकाणी मराठीत छापले गेलेले नव्हते. दुसऱ्या दिवशी त्याने बोर्डाखालच्या त्या मुलाला पाच वेळा चेंडू दिला. त्यातले तीन गोल झाले. माझ्या वहीत ते आजही आहे.

म्हणून आपणास विनंती अशी, की यापुढे बास्केटबॉलमधील मोठ्या गुणसंख्येची बातमी देताना तिच्याबरोबर एकच ओळ अधिक द्यावी: नेम किती, साधले किती, फ्री थ्रो किती, मिनिटे किती आणि सामन्याचा निकाल काय. यासाठी फार जागा लागत नाही. दुसरी विनंती आमच्या धुळे, जळगाव आणि नंदुरबार जिल्ह्यांच्या शालेय स्पर्धांबद्दल आहे. त्यांच्या बातमीत विजेत्या शाळेचे नाव आणि बक्षीस देणाऱ्या मान्यवरांची लांबलचक यादी येते, पण सामन्याचा गुणफलकही अनेकदा येत नाही. निदान अंतिम सामन्याचे क्वार्टरनिहाय गुण, आणि ज्या मुलामुलींनी सहकाऱ्याला पास देऊन गोल करवून घेतले त्यांची नावे छापली जावीत. हे टिपण्याचे काम करायला माझ्यासारखे आणखी काही जुने गुणलेखक तयार आहेत. पावसाळ्यानंतर शालेय सामने सुरू झाले, की त्या दिवशीच्या गुणपत्रकाची प्रत आणि फुल्यांच्या वहीतले पान मी स्वतः सायंकाळी सहाच्या आत आपल्या धुळे कार्यालयात आणून देईन.

आपला नम्र,
एक निवृत्त क्रीडाशिक्षक व गुणलेखक,
देवपूर, धुळे